माझ्या नावाची भांडी

माझ्या सासऱ्यानं धावडा गावातल्या एका घराची भांडी दाबली, आणि ती दाबायला माझं नाव वापरलं. माझ्या नवऱ्याला हे माहीत होतं. मला माहीत नव्हतं. हे माझं शेवटचं वाक्य कोणी खरं धरत नाही, म्हणून सगळं पहिल्यापासून लिहिते आहे.

जालन्यात माझं स्टीलच्या भांड्यांचं दुकान आहे. भांडं विकणं आणि गिऱ्हाईक म्हणेल ते नाव त्यावर टाकून देणं, असा दुहेरी धंदा. तरी या लिखाणात मी कोणाचंच नाव टाकणार नाही. माझंही नाही. माझं कोणतं टाकायचं, हाच तर वाद आहे. नावांचे अर्थ मात्र सांगेन. माल काय आहे ते न सांगता गळ्यात मारणारा लबाड असतो, हे मला लहानपणीच कळलं होतं.

माझं माहेर शहागड. गोदावरीच्या पुलाच्या अलीकडे, हायवेला, वडिलांचं पंक्चरचं दुकान. टायर निघेपर्यंत ड्रायव्हर झाडाखाली बसायचे आणि मी त्यांना काकड्या नि पेरू विकायचे. वडिलांनी एक गोष्ट शिकवली होती: उधार देण्याआधी नाव विचार. नाव सांगितलेला माणूस पैसे बुडवताना एकदा तरी मागं वळून बघतो. म्हणून मी सगळ्यांना नाव विचारायचे, आणि नाव खरं आहे की खोटं ते कळावं म्हणून लगेच अर्थही विचारायचे. खोटं नाव सांगणारा अर्थाला अडखळतो. तेलुगू ड्रायव्हर आधी घराण्याचं नाव सांगायचा, स्वतःचं मागून. मला वाटायचं हा बापाच्या आड लपतो आहे. तिकडची रीतच तशी आहे, हे खूप नंतर कळलं. बिहारचा एकजण होता, त्याच्या नावाचा अर्थ 'विकलेला'. त्याच्या आधीची भावंडं जगली नव्हती, म्हणून आईनं त्याला शेजारणीला मूठभर धान्यात विकलं आणि परत घेतलं. विकलेल्या पोराला मरण शोधत येत नाही म्हणे. आपल्याकडे दगड, धोंडा, कचरा अशा अर्थाची नावं ठेवतात, त्यातलाच प्रकार. मी त्याला म्हटलं, "काका, धान्य परत दिलं का तुमच्या आईनं?" तो म्हणाला, ते कधी विचारलं नाही. मी असते तर विचारलं असतं.

माझ्या माहेरच्या नावाचा अर्थ धन. मी जन्मले त्या वर्षी वडिलांनी हवा भरायचं मशीन घेतलं होतं, म्हणून. शब्द उर्दूतून आलेला. निजामाच्या राज्यापासून असले शब्द आमच्या घरात भाकरीसारखे होते, कोणाला ते परके वाटत नव्हते. आजीच्या बहिणीच्या नावाचा अर्थ डाळिंब होता, तो शब्द फारसी.

लग्न झालं ते जालना जिल्ह्यातल्याच टेंभुर्णीच्या पुढच्या एका गावात. नवरा बिजवर होता, हे आम्हाला सांगितलं होतं. पहिली बायको कावीळ होऊन वर्षाच्या आत गेली, लेकरू नाही. वडिलांनी ते पारखून घेतलं. त्या व्यवहारात खोट नव्हती. खोट लग्नाच्या दुसऱ्या दिवशी आली.

ताटात तांदूळ पसरून नवऱ्यानं अंगठीनं बायकोचं नवं नाव लिहायचं, ही रीत सगळ्यांना माहीत आहे. माझ्या पुढ्यात ताट ठेवलं. नवऱ्यानं पहिलं अक्षर लिहिलं, थांबला, आणि बापाकडे बघितलं. सासरे म्हणाले, "लिही. आपलं ठरलंय ना." त्यानं लिहिलं. संस्कृत नाव, अर्थ निर्मळ. मी हळूच चुलत नणंदेला विचारलं, माझं नाव का बदलताय. उत्तर सासऱ्यांनीच दिलं: "तुझं नाव मुसलमानी हाय, पोरी. देवघरात बरं दिसत न्हाई."

मी तेव्हा खाली मान घालून बसले होते. आज बसले नसते.

घरात गेले तर फळीवर भांडी मांडलेली. परात, पातेली, तांबे, एक मोठा हंडा, आणि प्रत्येकावर माझं नवं नाव. नुसतं नाव, एकच शब्द. पुढे मागे काही नाही. मला खरंच बरं वाटलं. शहागडच्या पंक्चरवाल्याच्या पोरीसाठी या लोकांनी आधीच भांडी घेऊन नाव टाकून ठेवलं, असं मला वाटलं. मी त्या अक्षरांवरून बोट फिरवलं. गुळगुळीत लागली. पुढे हाच धंदा केला, तेव्हा कळलं की गुळगुळीत लागायला नको होती. छिन्नीनं ठोकून टाकलेलं नाव पहिले कित्येक महिने बोटाला टोचतं. राखेनं घासून घासून ते मऊ होतं. माझ्या नावाची भांडी माझ्या आधी कोणीतरी घासत होतं. पण त्या दिवशी बोटाला जे कळलं ते डोक्यापर्यंत गेलं नाही.

पहिलीचं नाव काय होतं, हे मी विचारलं नाही असं लोक म्हणतात. विचारायचं कोणाला? आमच्या खेड्यात बाईला नावानं कोण हाक मारतं? ती थोरली, मी धाकटी. ती 'मयत', मी 'नवी'. गेलेल्या बाईचं नाव दिवेलागणीला घेऊ नये, सकाळी घेऊ नये, माझ्यासमोर तर घेऊच नये. दोन वर्षांत जमिनीवरून भावकीत भांडण झालं आणि आम्ही जालन्याला आलो, ती भांडी घेऊन. गावाशी माझा संबंध सणावारापुरता उरला.

त्या दोन वर्षांतली एक दुपार मात्र सांगायला हवी. लग्नाला महिनाही झाला नसेल. मी चुलीपाशी होते. बाहेर पाहुणे आले, धावड्याकडचे, असं कानावर आलं. दोन म्हातारी माणसं आणि एक तरुण. बराच वेळ बोलणं चाललं, मला नीट ऐकू येत नव्हतं. मग सासऱ्यांनी फळीवरची भांडी अंगणात मांडायला लावली. मी पाण्याचा तांब्या नेला. त्या तरुणानं तांब्या हातात घेतला, त्यावरचं नाव बघितलं आणि पाणी न पिता तसाच खाली ठेवला. मला राग आला. मनात म्हटलं, आमच्या घरचं पाणी चालत नाही का याला.

सासरे म्हणाले, "सूनबाई, पाहुण्यायला तुमचं नाव सांगा बरं."

मी पदर सावरला आणि नाव सांगितलं. नवं. ठणकावून सांगितलं, कारण राग आलेला होता.

एक म्हातारा दुसऱ्याला म्हणाला, "नाव तर बराबर हाय, गड्या." थोड्या वेळानं तिघं उठून गेले. नवरा गोठ्याच्या दाराशी बैलाचं दावं सोडबांध करत उभा होता. बैल बांधलेलाच होता.

"कोण आल्ते?" मी सासऱ्यांना विचारलं.

"भांडी मागाया आल्ते. इकत. म्हन्लं, आमच्या सुनंची हायेत, द्यायची न्हाईत."

मला ते पटलं. उलट अभिमान वाटला, सासरा माझ्या वस्तूला जपतो म्हणून.

जालन्यात आधी डोक्यावर पाटी घेऊन फिरले. जुन्या साड्या, जुनी पँट घ्यायची आणि बदल्यात पातेलं द्यायचं. त्या धंद्यात जीभ आणि डोळा दोन्ही धारदार लागतात. बाई फाटकी बाजू आत दुमडून साडी दाखवते. मी आधी दुमडलेलंच उलगडायचे. आठवडी बाजार केले, मग गाळा घेतला, मग नाव टाकायचं मशीन. नवरा दुकानात बसतो, पण भाव मी ठरवते. रागीट बाई म्हणून माझी ख्याती आहे. भाव पाडणाऱ्या गिऱ्हाइकाच्या हातातून मी परात परत घेतलेली आहे, आणि त्याच गिऱ्हाइकानं पुढच्या आठवड्यात तीच परात माझ्याच भावानं नेलेली आहे.

मशीन आलं आणि अर्थ विचारायची जुनी खोड परत सुरू झाली. एक बौद्ध मास्तरीण यायच्या. त्यांच्या आजोबांच्या नावाचा अर्थ केर, आणि त्यांच्या स्वतःच्या नावाचा अर्थ मैत्री, शब्द पालीतला. मी सहज म्हटलं, "बाई, तुमच्या घरातही नावं बदलली म्हणायची." त्या म्हणाल्या, "बदलली. पण आमची आम्ही बदलली, ताई. धम्म घेतल्यावर आजोबांनी वडिलांचं नाव स्वतः निवडलं. कोणी ताटात वाढून दिलं नाही." त्या गेल्यावर मी दिवसभर चिडचिड केली. कशामुळे ते कळेना.

मग उर्दू शाळेतून निवृत्त झालेले एक सर आले. मुलीच्या लग्नासाठी डबे हवे होते. भांड्याच्या भावात मी सोडेना, नाव टाकायला अक्षरामागं पैसे लावते तेही सोडेना.

"भाभी, नाव तर फुकट टाका. अल्लाहनं फुकट दिलंय."

"त्यानं दिलं असंल सर, मशीन मी इकत आणलंय."

"मंग काय करायचं?"

"अर्थ सांगा. जेवढ्या नावांचे अर्थ सांगसाल, तेवढी अक्षरं सोडून देते."

ते हसले, स्टूल ओढून बसले. मी त्यांना आधी माझं माहेरचं नाव कोड्यासारखं घातलं. ते म्हणाले, "अरबी आहे. लोक पैसा म्हणतात, पण मुळात त्याचा अर्थ फिरणं. एका हातातून दुसऱ्या हातात जाणं. पैसा कोणापाशी थांबत नाही, त्यावरून आलं." मला ते आवडलं. मग गंमत म्हणून सासऱ्यांचं नाव सांगितलं. शेवटी 'राव' लावलेलं, चांगलं पाटलासारखं नाव. सरांनी राव बाजूला काढला. "हे तर पक्कं अरबी, भाभी. असल अर्थ सोबती. मालक, मोठा माणूस, हे नंतर झालं."

"मुसलमानी?"

"लफ्ज कुठून आला ते सांगतो. कोणाच्या देवाचा ते मला विचारू नका, नोकरीत होतो तेव्हाही सांगत न्हवतो." मग म्हणाले, "आता अक्षरं मोजा बरं, जल्दी."

मी अक्षरं सोडून दिली. ज्या माणसानं माझं अरबी नाव देवघरात चालत नाही म्हणून काढून घेतलं, त्याचं स्वतःचं नाव अरबी. त्याला शब्दाचं मूळ माहीत नसेल, हे मला मान्य आहे. पण मग माझ्या नावाचं मूळ त्याला कोणी सांगितलं? आणि त्याच गावात माझ्याच माहेरच्या नावाच्या दोन सुना होत्या, त्यांची कोणी बदलली नव्हती. आठवायला लागले तशी एकेक आठवली. गिऱ्हाईक जेव्हा न विचारता कारण सांगतं, तेव्हा खरं कारण दुसरं असतं.

संध्याकाळी नवऱ्याला विचारलं. सासरे तोवर वारले होते. "अहो, तुमच्या वडलांचं नाव अरबी, मंग माझंच का बदललं?"

"जुनं कशाला उकरून राह्यली?"

"उकरलं तर काय निघंल?"

तो जेवणावरून उठला. ताट अर्धं होतं. नवरा अर्धं ताट टाकून कधी उठत नाही.

मी टोचत राहिले, तो टाळत राहिला. आणि मागच्या लग्नसराईत धावड्याचा एक माणूस दुकानात आला. केस पांढरे, धोतर स्वच्छ, भाव करण्यात पक्का. लेकीच्या लग्नाला हंडा नि परात घेतली. भाव ठरता ठरता आमची चांगली जुंपली, आणि मला असा माणूस आवडतो. शेवटी म्हणाला, "आता नाव टाका. नुसतं नाव, अक्षरं वाढवू नका. पैशे आम्ही झाडाचे तोडून आणत न्हाई." आणि नाव सांगितलं. निर्मळ अर्थाचं तेच.

मी हसून म्हटलं, "मामा, हे तर माझंच नाव. तुमच्या लेकीला भाग्याचं निघंल."

"माहेरचं का सासरचं?"

"सासरचं." आणि मी गावाचं नाव घेतलं.

त्यानं परात काउंटरवर ठेवली. म्हणाला, "तांब्या तुमीच आन्ला होता."

मला काही समजेना. मग त्यानं सांगितलं, आवाज न वाढवता, दुकानात दोन गिऱ्हाइकं उभी असताना. ते नाव त्याच्या बहिणीचं. लग्नात त्यांच्या बापानं सगळी भांडी दिली. नाव टाकणारा अक्षरामागं पैसे घ्यायचा म्हणून बापानं फक्त मुलीचं नाव टाकलं, स्वतःचं नाही, गावाचं नाही. बहीण वर्षात गेली. लेकरू नसलं तर मुलीची भांडी माहेरी परत जातात, ही आमच्या भागातली रीत. ते मागायला गेले. सासरे म्हणाले सुगी होऊ द्या. सुगी झाली, तर म्हणाले लग्नाची गडबड आहे. लग्न झाल्यावर ते दोन पंच घेऊन गेले, तर सासऱ्यांनी भांडी अंगणात मांडली आणि म्हणाले, ज्याचं नाव त्याची भांडी, आमच्या सुनेलाच विचारा.

"आन् तुमी सांगितलं," तो म्हणाला. "चांगलं ठणकावून."

"दादा, मला म्हाईत न्हवतं."

"बाईला सोताचं नाव म्हाईत नसतं व्हय?"

त्यानं घेतलेली भांडी तशीच सोडली. जाताना म्हणाला, "आमची माय मरस्तोवर त्या भांड्यायचं बोलायची. भांड्यायचं न्हाई, पोरीच्या नावाचं. म्हनायची, माझ्या लेकीचं नाव त्यायनी दुसऱ्या बाईला नेसवलं."

नवरा गल्ल्यावर बसलेला होता. सगळं ऐकत होता. त्या माणसानं त्याच्याकडे बघितलंसुद्धा नाही, आणि नवरा सुट्या नाण्यांत काहीतरी शोधत राहिला.

मी दुसऱ्याच दिवशी घरातली ती सगळी भांडी टेम्पोत घातली. हंड्याला गळती बुजवायला एक डाग दिलेला होता, एक पातेलं चेपलेलं, बाकी सगळी होती. एकटी धावड्याला गेले. अंगणात उभी राहिले आणि म्हटलं, तुमची वस्तू आणली आहे. त्या माणसानं मला बसायला घोंगडी दिली, चहा दिला. भांड्यांना हात लावला नाही.

"एवढ्या वर्सानं घेऊन काय करू? गाव म्हनंल, बाई घाबरली म्हून आन्ली. चोरानं परत आन्ली म्हून घेतली."

"मी चोर न्हाई."

"मी कुठं म्हन्लं. पण तुमी न्हाई हे कोण सांगणार? तुमीच ना? नाव सांगणाऱ्या बी तुमीच व्हता." मग जरा नरमाईनं म्हणाला, "तुमच्या मालकाला घेऊन या. तो त्या दिवशी गोठ्यापाशी उभा व्हता. त्यानं चार माणसात सांगावं की बापानं काय केलं आन् तुमाला म्हाईत न्हवतं. मंग मी भांडी उतरवून घेतो."

मला हा सौदा रास्त वाटला. तीस वर्षं भाव करते आहे, रास्त सौदा मला कळतो. टेम्पो भरलेला परत आणला. टेम्पोवाल्यानं दोन्ही बाजूंचं भाडं घेतलं.

नवरा म्हणतो, मेलेल्या बापाला चावडीवर कशाला आणू. म्हणतो, मी तेव्हा पोरगा होतो, बापापुढं बोलायची ताकद नव्हती. म्हणतो, तू एवढी हुशार, तुला कळलं कसं नाही. हे शेवटचं तो दोनदा म्हणाला, आणि मला संशय येतो की धावड्याच्या लोकांपुढंही तो हेच म्हणेल. मग मी कायमची भागीदार ठरेन. दुकानातलं माझं माप, माझं वजन, माझा शब्द, सगळ्यावर लोक बोट फिरवून बघतील.

आजही ती भांडी दुकानाच्या माळ्यावर आहेत. घरात मी ती वापरत नाही. त्या नावाची हाक मात्र घरात चालू आहे, कारण नवऱ्याला दुसरी सवय नाही. परवा त्यानं त्या नावानं मला पाणी मागितलं. मी दिलं नाही.

आता तुम्हीच वाचा, अहो. तुम्ही रोज दुपारी गल्ल्यावर पेपर वाचता, हेही वाचाल. मला तीन गोष्टींचं उत्तर हवं. तांदळात पहिलं अक्षर लिहून तुम्ही बापाकडे बघितलं, तेव्हा 'हे नाव नको' एवढं म्हणायला कोणतं बळ लागत होतं? इतकी वर्षं त्या नावानं हाक मारलीत, ती मला मारत होता की तिला? आणि धावड्याला माझ्यासोबत टेम्पोत बसून कधी येता? बाप मेला, तो उत्तर देणार नाही. तुम्ही जिवंत आहात. चार माणसांत उभं राहून तोंडानं सांगा, की हिला माहीत नव्हतं.